पटावरून कमी केलेले नाव

गेल्या वर्षी वसुबारसेच्या संध्याकाळी मी कर्जतच्या बाजारात पणत्या घेत उभा होतो. दिवाळीच्या दिवसांत आपल्याकडे पोस्त मागायला कोण येत नाही? पोस्टमन येतो, घंटागाडीवाला येतो, वायरमन येतो. त्यांच्या हातावर पाच-पन्नास रुपये ठेवताना आपण काही दानधर्म केला असे आपल्याला वाटत नाही. त्यांचा हक्क होता, तो त्यांनी नेला, अशीच भावना असते. त्या संध्याकाळी दुकानांच्या रांगेतून टाळ्या वाजवीत तिघी जणी आल्या. अंगावर जरीकाठी साड्या, कपाळाला रुपयाएवढे कुंकू. दुकानदाराने काही न बोलता गल्ल्यातून नोट काढून दिली. एकीने त्याच्या डोक्यावर हात ठेवला, धंद्याला बरकत येऊ दे म्हटले, आणि त्या पुढच्या दुकानाकडे वळल्या. तेवढा वेळ आम्ही सगळी गिऱ्हाइके पणत्यांकडे फार बारकाईने पाहत होतो.

त्यांतली एक मागे रेंगाळली. म्हणाली, "गुरुजी, ओळखलंत का?"

ओळखले. आवाजावरून नव्हे, हसण्यावरून. खालापूर तालुक्यातल्या ज्या शाळेत मी इतकी वर्षे शिकवतो आहे, तिथल्या सातवीच्या वर्गात हे हसणे पहिल्या बाकावर बसत असे. त्या वर्षी स्नेहसंमेलनात आम्ही विराटपर्वातला एक प्रवेश बसवला होता. बृहन्नडेचे काम करायला एकही मुलगा तयार होईना. तेव्हा हा आपणहून उठला. आणि काय सुरेख काम केले त्याने! साऱ्या गावाने टाळ्या वाजवल्या. पण दुसऱ्या दिवसापासून मुलांनी त्याला तेच नाव पाडले, मग त्याहून वाईट नाव पाडले. होळीच्या सुमारास तो शाळेत यायचा बंद झाला. एके शनिवारी मी हजेरीपटावर त्याच्या ओळीवर लाल शाईची रेघ ओढली आणि पुढे लिहिले : सतत गैरहजर, नाव कमी केले. त्याच्या घरी चौकशीला मी गेलो नाही.

इतिहास हा माझ्या आवडीचा विषय. त्या रात्री घरी आलो, तेव्हा मनात आले की ह्या माणसांना इतिहास आहे की नाही? की टाळी वाजली तेवढाच त्यांचा वर्तमानकाळ, आणि मागेपुढे काहीच नाही? गेले वर्षभर जे वाचले, जुळवले, ते आज दिवाळीच्या फराळाबरोबर वाचकांपुढे ठेवतो. विषय सणासुदीचा नाही असे कोणी म्हणेल. पण सणाच्याच दिवशी ही माणसे आपल्या दारात येतात. मग सणाच्या अंकात ती का येऊ नयेत?

पुराणांपासून सुरुवात करायची तर फार लांब जावे लागत नाही. भीष्मांसारखा योद्धा ज्याच्यापुढे धनुष्य खाली ठेवतो तो शिखंडी, आणि विराटाच्या अंतःपुरात वर्षभर नृत्य शिकवणारा अर्जुन, ही दोन्ही पात्रे आपल्या आजीने आपल्याला सांगितलेली आहेत. आपल्याच रायगड जिल्ह्यात, उरण तालुक्यात घारापुरी आहे. तिथल्या लेण्यात सुमारे सहाव्या शतकातला अर्धनारीश्वर कोरलेला आहे. अर्धे अंग शंकराचे, अर्धे पार्वतीचे, आणि भोवती देवगण हात जोडून उभे. मात्र पुराणांवर मी फार भिस्त ठेवीत नाही. देवळात आपण ज्याला हात जोडतो त्याला आगगाडीत शेजारी बसू देतोच असे नाही. शिखंडीची गोष्ट सांगणाऱ्या गावानेच माझ्या विद्यार्थ्याला शाळेतून घालवले. तेव्हा देवांचे राहू द्यावे, आणि माणसांनी माणसांशी केलेल्या व्यवहाराचे कागद काय सांगतात ते पाहावे.

आणि कागद आहेत! मराठेशाहीत दख्खनमधल्या हिजड्यांना सनदा दिलेल्या होत्या. हा शब्द आज शिवीसारखा वापरला जातो, म्हणून शिष्ट माणसे तृतीयपंथी म्हणतात. पण त्या काळच्या व्यवहारात तो शब्द कुंभार, गुरव ह्या शब्दांसारखाच एका समाजाचे नाव म्हणून येतो. सनदेने मिळणारे हक्क साधारण दोन प्रकारचे. पहिला, गावांतून थोडेबहुत धान्य किंवा पैसा गोळा करण्याचा. दुसरा, तुलनेने थोड्यांना मिळालेला, जमिनीच्या इनामाचा. सुगीच्या वेळी खळ्यावर सुताराचा वाटा, लोहाराचा वाटा, न्हाव्याचा वाटा निघे, तसाच ह्यांचाही एक लहानसा वाटा निघावा, अशी ती व्यवस्था. म्हणजे आज आपण ज्याला भीक म्हणतो, ती एके काळी राजाच्या शिक्क्याने चालणारी वहिवाट होती. कर्जतच्या दुकानदाराने न बोलता नोट काढली, त्यात भीती किती आणि त्या जुन्या वहिवाटीची आठवण किती, हे त्याला तरी कुठे ठाऊक असणार?

ह्या वतनाची एक मोठी गंमत होती. पाटलाचे वतन मुलाला जाई, कुलकर्ण्याचे मुलाला जाई. इथे मुलगा कुठला? इथे वतन गुरूकडून चेल्याकडे जाई. घरातून बाहेर पडलेल्या पोराला गुरू आपल्या घरात घेई. तो चेला गुरूची सेवा करी, म्हातारपणी सांभाळ करी, आणि गुरू गेल्यावर त्याचे चीजवस्त, त्याचा हक्क चेल्याकडे येई. गोसाव्यांच्या मठात नाही का, महंतामागून शिष्य गादीवर येत? तीच ही रीत. मराठ्यांच्या कारभाऱ्यांना तिच्यात काही वावगे वाटले नाही. वंश रक्ताचाच असला पाहिजे असा हट्ट त्यांनी ह्या बाबतीत धरला नाही.

इथे वाचकाने लगेच पेशवाईचे गोडवे गाऊ नयेत. सनद म्हणजे समता नव्हे. त्या गावगाड्यात प्रत्येकाची पायरी ठरलेली होती, आणि कित्येकांची पायरी वेशीबाहेर होती. हिजड्यांना मिळाली ती एक ठरलेली, खालची, पण नोंदलेली जागा. तीतून वर चढायची सोय नव्हती. मात्र ती जागा कोणी काढून घेतली तर दाद मागता येत होती. माणसाला सन्मान नसला तरी निदान हक्क होता, आणि तो कागदावर होता. हा फरक लहान नाही.

पेशवाई १८१८ साली बुडाली. कंपनी सरकारने सुरुवातीला जुने हक्क चालू ठेवले. पण पुढे सरकारला महसूल हवासा झाला, आणि बिनसाऱ्याच्या जमिनी डोळ्यांत खुपू लागल्या. १८४३ साली दक्षिण मराठा मुलखात इनामांची चौकशी सुरू झाली, आणि १८५२ च्या अकराव्या कायद्याने इनाम कमिशनला अधिकार मिळाले. देशमुख, देशपांडे, देवस्थाने, सर्वांच्याच कागदांची छाननी झाली; त्या कमिशनच्या नावाने आपल्या पणज्यांनी बोटे मोडली आहेत. त्या छाननीत हिजड्यांच्या सनदाही साहेबाच्या टेबलावर आल्या.

साहेब गोंधळला. ह्या इनामाचा वारस कोण? चेला. तो गुरूचा मुलगा आहे का? नाही. मग वारसा पुढे चालू ठेवायचा म्हणजे नवा चेला व्हायला, अर्थात खच्चीकरणाच्या विधीला, सरकारने उत्तेजन द्यायचे की काय? कायद्याच्या नियमांत एक वाक्य होते. जे इनाम पुढे चालवणे देशाच्या कायद्याविरुद्ध किंवा सार्वजनिक सभ्यतेविरुद्ध ठरेल, ते चालवायला सरकार बांधील नाही, असा त्याचा आशय. ते वाक्य हिजड्यांच्या वतनांना लावण्यात आले. पिढ्यान्‌पिढ्यांचा हक्क 'सभ्यता' ह्या एका शब्दाने संपला. ज्याच्या हातात राज्य, त्याच्या हातात शब्दकोश!

ही सारी घडामोड कोणत्या दिवसांतली, ते आमच्या तालुक्यांच्या संदर्भात सांगतो. बोरीबंदर ते ठाणे पहिली आगगाडी १८५३ साली धावली. १८५६ च्या मे महिन्यात ती खोपोलीपर्यंत आली, आणि १८६३ साली बोरघाट चढून पलीकडे गेली. कर्जत तेव्हा ठाणे जिल्ह्यात होते. पुढे ते कुलाब्यात आले, आणि कुलाब्याचे नाव रायगड १९८१ साली झाले. म्हणजे ज्या दहा वर्षांत इंग्रजांनी आमच्या दारात रूळ टाकले, त्याच दहा वर्षांत ह्या माणसांचा गावाशी असलेला कागदोपत्री संबंध त्यांनी तोडला. आज पळसदरी, केळवली, डोळवली, लौजी करीत खोपोलीची लोकल जाते, तिच्या डब्यात टाळी ऐकू येते. खळ्यावरचा वाटा गेला. आता डबा राहिला आहे. आणि रेल्वेच्या कायद्याप्रमाणे डब्यात हात पसरायला मनाई आहे.

उत्तरेकडे तर याहून कडक प्रकार झाला. १८७१ चा गुन्हेगार जमातींचा कायदा आपण ऐकून असतो. पारधी, कैकाडी ह्यांच्या नशिबी पुढे जे हाल आले ते त्याच कायद्याच्या वंशातले. पण त्या कायद्याचा दुसरा भाग हिजड्यांविषयी होता, हे फार थोड्यांना माहीत आहे. तो कायदा सुरुवातीला वायव्य प्रांत, अवध आणि पंजाब ह्यांना लागू होता. संशयितांची नावे सरकारी नोंदवहीत घालायची. नाव नोंदले गेलेल्या हिजड्याने बायकी पोशाख करून चारचौघांत यायचे नाही, रस्त्यात नाचगाणे करायचे नाही. केल्यास दोन वर्षांपर्यंत कैद. सोळा वर्षांखालचा मुलगा घरात ठेवायचा नाही. दत्तक घ्यायचा नाही, बक्षीसपत्र करायचे नाही, मृत्युपत्र करायचे नाही. नीट पाहिले तर हा घाव कुठे बसला ते कळते. गुरूने चेल्याला घरात घेणे आणि आपले चीजवस्त त्याला देणे, एवढ्याच धाग्यावर तो समाज उभा होता. तो धागाच कापायचा कायदा होता हा! स्वतंत्र भारतात १९५२ साली गुन्हेगार जमातींचा कायदा इतिहासजमा झाला. पण कायदा मेला तरी त्याने शिकवलेली नजर मरत नाही. डब्यात टाळी ऐकली की आपण पाकीट चाचपतो. ती नजर आपल्या आजोबांच्या आजोबांची असेलच असे नाही.

सनद गेली, तरी ते घर मात्र टिकले. मुंबईत आजही त्यांची घराणी सांगतात. लष्करवाला, भेंडीबाजार, चकलावाला, पूनावाला अशी त्यांची नावे. घराण्याला नायक असतो. त्याखाली गुरू, गुरूचे चेले, चेल्यांचे चेले. गुरूची गुरू ती नानी. भांडण झाले तर पंच बसतात, दंड होतो. बाहेरच्या जगाने हाकललेल्या माणसाला तिथे पोटाला भाकर मिळते, आजारपणात कोणी उशाशी बसते, आणि मेल्यावर कोणी रडते. पण त्या घराची दुसरी बाजूही आहे. कमाईतला वाटा गुरूला द्यावा लागतो; गुरू चांगला भेटला तर माय, वाईट भेटला तर सावकार. ज्याला दुसरा उंबरठाच नाही, त्याला हा उंबरठा सोडायचीही मुभा नसते.

आपल्या दक्षिण सीमेवर आणखी एक वाट आहे. बेळगाव जिल्ह्यातल्या सौंदत्तीची यल्लमा म्हणजे रेणुका. तिला कोल्हापूर, सांगली, सोलापूरकडची माणसे फार मानतात. मुलाची चालचलणूक बायकी दिसली, केसांत जट आली, की हा देवीचा, असे म्हणून त्याला देवीला सोडत. त्याने लुगडे नेसायचे, गळ्यात दर्शन घालायचे, डोक्यावर देवीचा जग घ्यायचा आणि चौंडक्याच्या तालावर जोगवा मागत फिरायचे. हा जोगता. राजन गवस ह्यांनी 'चौंडकं' आणि 'भंडारभोग' ह्या कादंबऱ्यांतून हे जग मराठी वाचकापुढे आणले, आणि २००९ च्या 'जोगवा' चित्रपटाने ते घरोघर पोचवले. जोगत्याला मान असतो, तो अंगावर देवी असेपर्यंतच. देवीची परडी खाली ठेवून त्याने शेतात मजुरी मागितली, तर गाव त्याला ओळख दाखवीत नाही.

असो. आपल्या मराठी माणसाचे ह्या बाबतीत एक विचित्र आहे. रंगभूमीवर पुरुषाने बाईचे रूप घेतले की आपण जीव ओवाळून टाकतो. बालगंधर्वांनी शालू नेसला, तसा शालू घराघरांतल्या सुवासिनींना हवासा झाला. आणि गणपत पाटलांनी तमाशापटांत नाच्या इतका हुबेहूब उभा केला, की लोकांनी ते सोंग त्यांच्या संसारालाच चिकटवले आणि त्याचा जाच त्यांना जन्मभर सोसावा लागला. पडदा खाली असेपर्यंत टाळ्या, पडदा पडल्यावर टोमणे. माझ्या सातवीतल्या बृहन्नडेचे तरी दुसरे काय झाले?

आता अलीकडच्या काळाकडे येतो. आज आपली कॉलेजातली मुले 'एलजीबीटीक्यू' असा एक लांबलचक शब्द बोलतात, आणि आईवडील गप्प बसतात. त्याचा साधा अर्थ सांगण्यासारखा आहे. त्यातली पहिली अक्षरे मन कोणावर बसते ह्याविषयी आहेत : पुरुषाचे पुरुषावर, स्त्रीचे स्त्रीवर, किंवा दोघांवरही. मधले एक अक्षर मात्र वेगळ्या गोष्टीविषयी आहे. मन कोणावर बसते हा तिथे प्रश्नच नाही. मी कोण आहे, हा प्रश्न आहे. जन्मतः ज्याला मुलगा म्हटले तिला आपण बाई आहोत असे आतून ठाऊक असते, किंवा जिला मुलगी म्हटले त्याला आपण पुरुष आहोत हे ठाऊक असते. ह्यांना पारलिंगी असा शब्द मराठीत रूढ होतो आहे. ही निरनिराळी माणसे एका छत्रीखाली आली, कारण पाऊस सगळ्यांवर सारखाच पडत होता.

पण एका छत्रीखाली आली म्हणून सर्वांना सारखी जागा मिळाली असे नाही. १९६९ च्या जूनमध्ये न्यूयॉर्कमधल्या स्टोनवॉल नावाच्या मद्यालयावर पोलिसांनी धाड घातली, लोक उलटून उभे राहिले, आणि तिथून ह्या चळवळीने जोर धरला. मार्शा जॉन्सन आणि सिल्व्हिया रिव्हेरा ह्या दोघी त्या चळवळीतल्या आघाडीच्या पारलिंगी कार्यकर्त्या. घर नसलेल्या पोरांसाठी त्यांनी १९७० साली संस्था काढली. पण १९७३ साली त्याच चळवळीच्या मेळाव्यात रिव्हेरा बोलायला उभी राहिली, तेव्हा आपल्याच लोकांनी तिची हुर्यो केली. सुशिक्षित, नोकरीपेशातल्या मंडळींना साडीचोळीतला, रस्त्यावरचा आपला भाऊबंद चारचौघांत नकोसा झाला. मला वाटते, हे वाचून आपल्याला फारसे आश्चर्य वाटू नये. गरीब नातेवाईक लग्नात कुठल्या पंक्तीला बसवतात, ते आपण सर्वांनी पाहिले आहे.

आपल्याकडे १९९० साली मुंबईत अशोक राव कवी ह्यांनी 'बॉम्बे दोस्त' हे नियतकालिक सुरू केले, १९९४ साली हमसफर ट्रस्ट उभा राहिला. पुण्यात बिंदुमाधव खिरे ह्यांनी मराठीतून ह्या विषयावर पुस्तके लिहिली. ह्या मंडळींनी फार मोठे काम केले. पण इथेही दोन जगे होतीच. एक इंग्रजी वर्तमानपत्र वाचणारे, दुसरे लोकलच्या डब्यातले. पहिल्याला लपता येत होते, दुसऱ्याला लपताच येत नव्हते. आणि न लपणाऱ्यालाच दगड आधी लागतो.

मग एक मजेदार गोष्ट घडली. १८६० च्या दंडसंहितेतले ३७७ वे कलम समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवीत होते. दिल्लीच्या उच्च न्यायालयाने २००९ साली त्यातून सुटका केली. पण ११ डिसेंबर २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती सुटका रद्द केली. दार बंद झाले. आणि त्यानंतर चारच महिन्यांनी, १५ एप्रिल २०१४ रोजी, त्याच न्यायालयाच्या दुसऱ्या पीठाने, न्यायमूर्ती राधाकृष्णन आणि न्यायमूर्ती सिक्री ह्यांनी, तृतीयपंथीयांना कायद्याने मान्यता दिली. आपण पुरुष, स्त्री की तृतीयपंथी, हे ज्याचे त्याने सांगावे, असा तो निकाल. आपल्या ठाण्याच्या लक्ष्मी नारायण त्रिपाठी ह्यांनीही त्या खटल्यात बाजू मांडली होती. समलिंगी मंडळींना पुढे २०१८ च्या सप्टेंबरपर्यंत थांबावे लागले.

जी माणसे छत्रीच्या कडेला भिजत होती, त्यांनाच आधी आडोसा मिळाला. असे का व्हावे? ह्याला कारणे अनेक असतील. पण त्या निकालात हिजड्यांच्या इतिहासाची पाने आहेत. पुराणांचा, मोगल दरबाराचा आणि १८७१ च्या कायद्याचा त्यात उल्लेख आहे. हे लोक परदेशातून आलेले फॅड आहे असे त्यांच्या बाबतीत कोणाला म्हणता आले नाही. त्यांना वंशावळ होती, घराणी होती, आणि कोणीतरी त्यांचे हक्क काढून घेतल्याची नोंद होती. एका परीने, हरवलेली सनदच न्यायालयात उभी राहिली.

तरी एक उणेपण सांगितले पाहिजे. ही परंपरा ज्यांना मुलगा म्हणून जन्म मिळाला त्यांची आहे. ज्यांना मुलगी म्हणून वाढवले, पण जे आतून पुरुष आहेत, त्यांना हे घराणे नाही, गुरू नाही, जोगवा नाही आणि टाळीही नाही. मुलीला तर घराबाहेर पळायचीही मुभा नव्हती; लग्न लावून दिले की संपले. अशांना आपले कोणी आहे हे कळले ते ह्या नव्या चळवळीमुळेच. तेव्हा जुने घर आणि नवी छत्री, दोन्ही लागतात. एकीने दुसरीला हिणवू नये.

महाराष्ट्रापुरते बोलायचे, तर २०११ च्या जनगणनेत पुरुष आणि स्त्री ह्यांखेरीज 'इतर' ह्या रकान्यात आपल्या राज्यात ४०,८९१ माणसे मोजली गेली. साऱ्या देशात ४,८७,८०३. २०१७ साली सोलापूर जिल्ह्यातल्या माळशिरस तालुक्यात तरंगफळच्या गावकऱ्यांनी ज्ञानेश्वर कांबळे ह्या तृतीयपंथी व्यक्तीला थेट सरपंच निवडून दिले. तिथले लोक त्यांना 'माउली' म्हणतात. आणि जळगाव जिल्ह्यातल्या भादली बुद्रुकची गोष्ट तर माझ्या ह्या साऱ्या लेखाचा गाभाच आहे.

तिथे अंजली पाटील ह्यांनी ग्रामपंचायतीला महिलांच्या जागेवरून अर्ज भरला. तुम्ही महिला नाही, म्हणून अर्ज नाकारला गेला. त्या मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे गेल्या. जानेवारी २०२१ मध्ये न्यायमूर्ती घुगे ह्यांनी त्यांचा अर्ज घ्यायला लावला, निवडणूक झाली, आणि त्या निवडून आल्या. पण मला थांबवले ते निकालाने नव्हे, त्याच्या मथळ्याने. खटल्याच्या मथळ्यात अर्जदाराचे नाव आहे : अंजली गुरू संजना जान. आपण जिथे बापाचे नाव लावतो, तिथे गुरूचे नाव!

वाचकहो, ह्या एका ओळीसाठी इतिहास वाचावा असे मला वाटले. १८५२ नंतर साहेब ज्या नात्याला नातेच मानायला तयार नव्हता, ज्या नात्याला सभ्यतेविरुद्ध म्हणून दप्तरातून काढले गेले, ते गुरू-चेल्याचे नाते पावणेदोनशे वर्षांनी हायकोर्टाच्या कागदावर बापाच्या जागी येऊन बसले. त्यावर कोणी लेख लिहिला नाही, कोणी फटाके वाजवले नाहीत. कारकुनाने नाव जसे होते तसे टंकले, एवढेच.

२०१९ साली केंद्राने तृतीयपंथीयांच्या हक्कांचा कायदा केला, आणि ओळखपत्र देण्याचे काम जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे सोपवले. आपण कोण आहोत हे साहेबाकडून लिहून घ्यावे का, ह्यावर त्या लोकांत मोठी नाराजी झाली, आणि ती समजण्यासारखी आहे. तरीही एका कलेक्टर कचेरीतून सनदा गेल्या आणि दुसऱ्या कलेक्टर कचेरीतून कागद परत येऊ लागला, हेही खरे.

माझ्या विद्यार्थ्याचे, म्हणजे विद्यार्थिनीचे काम त्याच कागदाचे होते. बाजारात तिने मला थांबवले ते पोस्तीसाठी नव्हे. म्हणाली, "गुरुजी, शाळा सोडल्याचा दाखला मिळेल का? अर्जाच्या कामाला लागतो, अलिबागला द्यायचाय."

सुट्टी संपल्यावर ती शाळेत आली. व्हरांड्यातली पोरे कुजबुजली. एकाने टाळी वाजवून दाखवली, त्याला मी आत बोलावून बसवले. कपाटातून जनरल रजिस्टर काढले. पटावर नाव कमी झाले तरी रजिस्टरातली ओळ कोणी काढत नाही. ती तशीच असते. तिचे जुने नाव, जन्मतारीख, आईचे नाव, गाव. ती त्या ओळीवर बोट ठेवून बराच वेळ उभी होती. मी विचारले, "नवं नाव काय लावतेस?" तिने सांगितले. मग म्हणाली, "हेसुद्धा राहू दे. हे आईनं ठेवलेलं."

मी दाखला लिहायला घेतला. वर्तणूक : चांगली. अभ्यासातील प्रगती : समाधानकारक. पुढचा रकाना आला, शाळा सोडल्याचे कारण. दाखल्यात रजिस्टरात असेल तेच लिहावे लागते, त्यात खाडाखोड चालत नाही. मी लिहिले : सतत गैरहजर. खाली सही केली, शिक्का मारला. तिने दाखला वाचला, घडी घालून पर्समध्ये ठेवला, वाकून नमस्कार केला, आणि दुपारच्या लोकलला निघून गेली.

खरे कारण लिहायला त्या छापील कागदावर जागा नव्हती. म्हणून ते इथे लिहिले.